मुलांच्या गोष्टींना तात्पर्य कशाला?

१९२१ साली न्यूयॉर्कमध्ये पॉल टेरी या व्यंगचित्रकाराने सोन्याचं अंडं देणाऱ्या हंसिणीची गोष्ट कार्टूनमध्ये आणली आणि त्यापाठोपाठ दर आठवड्याला एक याप्रमाणे इसापच्या नावाने चित्रपट निघू लागले. काळ मूकपटांचा. बोलणं नाही, थिएटरात पियानो वाजवणारा असेल तर तेवढंच संगीत, मधूनमधून मजकुराच्या पाट्या. सात-आठ मिनिटांत खेळ आटोपायचा आणि शेवटची पाटी ठरलेली असायची: या गोष्टीचं तात्पर्य. हा रतीब पुढची आठेक वर्षं चालला आणि चित्रपटांची संख्या चारशेच्या घरात गेली.

सुरुवातीला ही पाटी गोष्टीला धरून असे. १९२१ च्या यादीत सगळी ओळखीची नावं आहेत. मांजराच्या गळ्यात घंटा बांधू पाहणाऱ्या उंदरांची सभा, कोल्हा आणि कावळा, ससा आणि कासव, मुंग्या आणि नाकतोडा, राजा मागणारे बेडूक. पण आठवड्याला एक म्हणजे वर्षाला बावन्न. पडद्यावर रंगतील अशा इसापच्या गोष्टी लवकरच संपत आल्या. १९२५ मध्ये 'खिडक्या पुसणारे' अशा अर्थाच्या नावाचा चित्रपट निघाला, १९२६ मध्ये '१९५० सालची शिकार'. यांत इसापचं काही नाही. उंदीर, मांजरं आणि फार्मर अल फल्फा नावाचा दाढीवाला म्हातारा शेतकरी, एवढी मंडळी आणि त्यांची धावपळ. मालिकेचं नाव मात्र इसापचंच राहिलं आणि शेवटची तात्पर्याची पाटीही राहिली. आता त्या पाटीचा आधी घडलेल्या प्रकाराशी बहुतेक वेळा काही संबंध नसायचा. आणि नेमकं त्यालाच लोक हसायचे. तात्पर्य गोष्टीला लागू पडत नाही यातच त्याची मजा आहे, हे टेरीला पक्कं कळलं होतं.

हे सगळं घाईगर्दीत काम उरकल्याचं लक्षण आहे असं म्हणून सोडून देता येईल. मला त्यात फार मोलाचा पुरावा दिसतो. तात्पर्य काढून घेतलं, बदललं, भलतंच लावलं, तरी गोष्टीचं काही बिघडत नाही हे त्या प्रेक्षकांनी आठवड्यामागून आठवडे सिद्ध केलं. या मालिकेच्या आज मिळणाऱ्या काही प्रतींत तर शेवटची पाटी उरलेलीच नाही, तरीही पाहणाऱ्याला काही कमी पडल्यासारखं वाटत नाही. आणि गोष्टीला ज्याची गरज नाही ते आपण आपल्या मुलांकडून परीक्षेत लिहून घेतो, त्याला गुण देतो, ते लिहिलं नाही तर गुण कापतो. हे थांबलं पाहिजे, एवढंच मला सांगायचं आहे.

हा प्रश्न आत्ताच काढायला कारण आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणात पंचतंत्र, जातक, हितोपदेश यांतल्या मूळ गोष्टी मुलांना वाचायला मिळाव्यात असं स्पष्ट म्हटलेलं आहे. मला ते मनापासून पटतं. या गोष्टींइतकं दणकट, इतक्या वयांना आणि इतक्या शतकांना पुरलेलं साहित्य दुसरं नाही. पण शाळेत शिरताना गोष्ट एकटी येत नाही. सकाळच्या परिपाठात सुविचार, दिनविशेष आणि त्यांच्या रांगेत बोधकथा. ती सांगून झाली की लगेच 'यावरून आपल्याला काय बोध मिळतो?' भाषेच्या पेपरात दिलेल्या मुद्द्यांवरून गोष्ट लिहा, शीर्षक द्या, तात्पर्य लिहा. घरी आल्यावर मोबाइलवर बोधकथांची कार्टून, त्यांतही शेवटी कुणीतरी मधाळ आवाजात तात्पर्य वाचून दाखवतं.

मी असे पेपर तपासले आहेत. कोल्हा आणि कावळ्याच्या गोष्टीखाली गठ्ठ्यातल्या जवळजवळ प्रत्येक उत्तरपत्रिकेत एकच ओळ असते: खोट्या स्तुतीला भुलू नये. सशा-कासवाखाली गर्वाचे घर खाली. एखाद्या मुलीने गोष्ट लिहिताना जीव ओतलेला असतो. कोल्ह्याला तिने चांगलं बोलकं केलेलं असतं. कावळ्याला आजवर कुणी गा म्हटलंच नव्हतं, म्हणून त्याने चोच उघडली, असं तिने स्वतःच्या मनाने घातलेलं असतं. इतकं बारीक, इतकं खरं निरीक्षण. आणि खालच्या ओळीत तीच मुलगी ते सगळं बाजूला सारून तेच छापील वाक्य उतरवते, कारण गुण त्याला आहेत. ज्या कावळ्याची तिला कणव आली होती त्यालाच तिने दोन ओळींनंतर मूर्ख ठरवलेलं असतं. दरवेळी असा पेपर हातात आला की मला वाईट वाटतं, आणि त्या मुलीपेक्षा आपल्या प्रश्नपत्रिकेबद्दल जास्त वाटतं.

टेरीच्या आधी काही वर्षं मॉस्कोमध्ये व्लादिस्लाव स्तारेविच नावाच्या माणसाने याच गोष्टींना हात घातला होता, आणि त्याचं काम टेरीपेक्षा कितीतरी खोल आहे. स्तारेविच मूळचा कीटकांच्या नादातला. आजच्या लिथुआनियातल्या काउनास शहरात संग्रहालयात काम केलेला. झुंजणाऱ्या भुंगेऱ्यांचं चित्रण करायला गेला, तर झगझगीत दिव्यांखाली ते हलेचनात. मग त्याने मेलेले भुंगेरे घेतले, त्यांचे पाय सुटे करून मेण आणि बारीक तारेने पुन्हा जोडले आणि एकेक चौकट टिपत त्यांना हलतं केलं. याच रीतीने १९१० च्या दशकाच्या सुरुवातीला त्याने क्रिलोव्हच्या रशियन कवितेवरून मुंगीची गोष्ट केली. क्रिलोव्हकडे नाकतोड्याच्या जागी चतुर आहे, बाकी कथा आपल्याला माहीत असलेलीच.

पाच-सहा मिनिटांचा हा चित्रपट आहे. मुंगी झाड तोडते, ओंडके रचून घर उभारते. दुसरा कीटक व्हायोलिन घेऊन भटकतो, बाटली तोंडाला लावतो. पानं गळतात, बर्फ पडायला लागतं. तो मुंगीच्या दाराशी येतो, मुंगी त्याला हाकलून देते आणि तो बर्फात पडतो. या बाहुल्यांना भाव दाखवता येईल असा चेहराच नाही. कीटकाच्या डोळ्यांत ना दया दिसते ना दुष्टपणा. मुंगीने दार लावून घेतलं ते बरोबर केलं की चूक, हे चित्रपट सांगत नाही. त्याला ते सांगता येण्यासारखंही नाही. ठरवायचं ते पाहणाऱ्याने. मी तो अनेकदा पाहिला आहे. बर्फात आखडलेले ते तारेचे पाय पाहताना 'उद्याची तरतूद आजच करावी' हे वाक्य माझ्या मनात एकदाही आलं नाही. येतं ते हे, की ओंडक्यांच्या त्या घरात आणखी एकाला जागा होती.

दुसऱ्या कुणाला अगदी उलट वाटेल, आणि त्याचंही चूक नाही. हीच गोष्ट डिस्नीने १९३४ मध्ये रंगीत आणि बोलक्या कार्टूनमध्ये केली तेव्हा मुंग्यांच्या राणीने थंडीने काकडलेल्या नाकतोड्याला आत घेतलं आणि व्हायोलिन वाजवण्याचं काम दिलं. महामंदीत होरपळलेल्या अमेरिकेत तो शेवट कुणाला सुचला तर नवल नाही. त्याच्या अडीचशेहून अधिक वर्षं आधी, १६६८ मध्ये, फ्रान्समध्ये ला फॉन्तेन या कवीने आपल्या बोधकथांच्या पहिल्याच पुस्तकाची सुरुवात याच गोष्टीने केली. मुंगी त्या गाणाऱ्या किड्याला म्हणते की उन्हाळाभर गात होतास ना, आता नाच. आणि कविता तिथेच संपते. तात्पर्य नाही. आणखी मागे गेलं तर इसापच्याच नावावर असलेली एक वेगळी गोष्ट सापडते. मुंगी पूर्वी माणूस होती, शेतकरी. स्वतःच्या पिकावर त्याचं भागेना, शेजाऱ्यांच्या धान्यावर डल्ला मारायचा. झ्यूस देवाने रागावून त्याला मुंगी केलं. रूप बदललं, खोड गेली नाही. अजूनही ती दुसऱ्यांच्या शेतातले दाणे वेचत हिंडते. आता तात्पर्य लिहा या प्रश्नापुढे मुलाने काय लिहावं? मुंगी कष्टाळू आहे, कठोर आहे, दयाळू आहे की चोर आहे? आपण यांतली एकच मुंगी निवडली आणि उरलेल्या वर्गाबाहेर ठेवल्या.

रूसो या फ्रेंच भाषेत लिहिणाऱ्या विचारवंताने १७६२ मध्ये 'एमिल' या शिक्षणावरच्या ग्रंथात हीच तक्रार केली होती. मुलांना तुम्ही या गोष्टी द्याल आणि त्यांनी गाणाऱ्या किड्यावरून धडा घ्यावा अशी अपेक्षा कराल. मूल तसं करणार नाही, ते मुंगीच्या बाजूने उभं राहील, कारण जिंकणाऱ्याची भूमिका कुणालाही आवडते. आणि मुंगीकडून ते काय शिकेल? नुसतं नाही म्हणायला नव्हे, तर मागणाऱ्याची टिंगल करून नाही म्हणायला. कोल्हा-कावळ्यातही मुलं कोल्ह्यावर खूश असतात असं रूसोचं म्हणणं आहे. त्यावरून त्याने या गोष्टी लहान मुलांना देऊच नयेत असा निष्कर्ष काढला. तो मला मान्य नाही. पण मूल गोष्टीत स्वतःची जागा स्वतः शोधतं, तुम्ही दाखवलेल्या खुर्चीवर बसत नाही, हे त्याने अचूक पाहिलं होतं. मग खुर्ची दाखवायचा अट्टहास तरी कशाला?

तात्पर्य आलं कुठून, हेही पाहण्यासारखं आहे. ॲरिस्टॉटलने इसापची एक हकिकत दिली आहे. सामोस बेटावर एका पुढाऱ्यावर देहदंडाचा खटला चालू असताना इसापने गोष्ट सांगितली. घळीत अडकलेल्या कोल्ह्याला गोचिडांनी पिडलं होतं. साळिंदर म्हणालं, काढून देऊ का? कोल्हा म्हणाला, नको. या गोचिडांचं पोट भरलेलं आहे, त्या काढल्यास तर भुकेल्या येतील आणि उरलेलं रक्तही पितील. तसंच हा पुढारी आता श्रीमंत झाला आहे, याला माराल तर नवे भुकेले येऊन उरलासुरला खजिना लुटतील, असं इसाप सामोसच्या लोकांना म्हणाला. ही मूळ इसापनीती. भर सभेत, एका विशिष्ट दिवशी, एका विशिष्ट माणसासाठी केलेला युक्तिवाद. पुढे इसवी सनापूर्वी ३०० च्या सुमारास डिमिट्रियस या वक्त्याने अशा गोष्टी एकत्र केल्या, त्या भाषणं करणाऱ्यांना हाताशी असाव्यात म्हणून. गोष्टीच्या डोक्यावर तेव्हा एखादी ओळ असे, ती मुळात कोणत्या प्रसंगी ही गोष्ट वापरावी एवढं सांगणारी, अभ्यासकांच्या मते अनुक्रमणिकेसारखी. ती ओळ पुढे गोष्टीच्या शेवटी सरकली आणि उपदेश होऊन बसली. वक्त्याच्या सोयीची खूण आपण गोष्टीचा आत्मा समजून मुलांच्या गळ्यात बांधली आहे.

फीड्रस या रोमन कवीचं म्हणणं याहून महत्त्वाचं वाटतं. तो स्वतः गुलामगिरीतून सुटलेला होता. त्याने लिहून ठेवलं आहे की मनातलं उघड बोलायची सोय नव्हती म्हणून गुलामाने ते गोष्टींच्या आडून सांगितलं. म्हणजे या गोष्टींची ताकद न बोललेल्या भागात होती. मालकाला ती कोल्ह्याची गोष्ट वाटावी आणि शेजारी बसलेल्या गुलामाला ती मालकाची आहे हे कळावं. आपण शेवटची ओळ लिहून ते झाकलेलं उघडं करतो, आणि तेही मालकाच्या बाजूने: नम्र राहा, समाधानी राहा, आज्ञा पाळा.

आपलं पंचतंत्रही याच बिरादरीतलं आहे. त्यात सुभाषितं पानोपानी आहेत, पण ती कोण कुणाला सांगतं ते पाहा. 'मित्रभेद' या त्याच्या पहिल्या भागात दमनक कोल्हा एकामागून एक गोष्ट रचून सांगतो, शास्त्रवचनं देतो, आणि त्या जोरावर पिंगलक सिंह आणि संजीवक बैल यांची दोस्ती तोडतो. शेवटी सिंहाच्या हातून बैल मारला जातो आणि दमनकाचं काही वाकडं होत नाही. त्याचा भाऊ करटक त्याला समजावतो, तोही गोष्टीच सांगून. एकाच घरात दोन भाऊ उलटसुलट गोष्टी सांगतात, प्रत्येकाकडे आपापलं वचन आहे. पंचतंत्र मुलांना खरोखर 'मूळ' स्वरूपात द्यायचं तर सुंदर वचन सांगणाराही लबाड असू शकतो हे त्यांना दिसू द्यावं लागेल. एकेक गोष्ट सुटी काढून खाली एकेक तात्पर्य छापलं की दमनक नाहीसा होतो आणि नुसती वचनं राहतात.

मराठीत छापील पुस्तकं सुरू झाली तेव्हा पहिल्यावहिल्या पुस्तकांत इसाप होता. १८०६ मध्ये तंजावरच्या सरफोजीराजांच्या आश्रयाने 'बालबोधमुक्तावली' निघालं, १८२८ मध्ये मुंबईत सदाशिव काशीनाथ छत्र्यांची 'इसापनीतिकथा' आली आणि पिढ्यान्‌पिढ्या वाचली गेली. मराठी मुलांसाठी गद्य कसं असावं याचा पाया त्या पुस्तकाने घातला. त्याबद्दल आपण छत्र्यांचे ऋणी आहोत. शाळा नुकत्या उभ्या राहत होत्या, पुस्तक हे नीतीचं साधन आहे असं सरकारला, पालकांना, सगळ्यांनाच वाटत होतं, आणि तात्पर्य त्या काळाला शोभून दिसलं. दोनशे वर्षांनी तेच साधन त्याच रीतीने वापरायचं काही बंधन आपल्यावर नाही.

यावर माझे शिक्षक मित्र मला एक व्यवहाराचं कारण देतात आणि ते मी हलक्यात घेत नाही. वर्गात चाळीस-पन्नास मुलं असतात. गोष्ट सांगून मोकळी सोडली तर कुणी काय घेईल याचा नेम नाही. निदान एक वाक्य सगळ्यांच्या पदरात पडलं तर पडलं. शिवाय तात्पर्यामुळे गोष्ट लक्षात राहते. लक्षात राहण्याचं म्हणाल तर उलटं आहे. आपल्यापैकी कुणालाही मांजराच्या गळ्यात घंटा बांधायची गोष्ट आठवते. तिच्याखाली कुठलं वाक्य छापलं होतं ते किती जणांना सांगता येईल? आणि कुणी काय घेईल याचा नेम नाही, हे तर मी या गोष्टींचं सर्वांत मोठं बळ मानतो. चाळीस मुलांनी मुंगीबद्दल चार वेगवेगळी मतं मांडली आणि आपसांत भांडली, तर त्या तासात नीतीचं शिक्षण झालं. एक वाक्य चाळीस वेळा लिहून घेतलं तर झालं ते शुद्धलेखन.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. तात्पर्य नसलं म्हणजे गोष्ट निर्मळ राहते असं नाही. त्या काळच्या अमेरिकी कार्टूनमध्ये कृष्णवर्णीयांची विटंबना करणारी चित्रं सर्रास आढळतात. ती कुठल्याही उपदेशाशिवाय, निव्वळ हशासाठी घातलेली, आणि म्हणूनच मनात खोलवर जाणारी. पाहणाऱ्यावर सगळं सोडलं तर तो विषही सहज गिळेल, ही भीती रास्त आहे. पण छापील तात्पर्याने ही भीती कधी दूर केली? त्या कार्टूनच्या शेवटीही पाटी होतीच की. 'साखरेत घोळलेल्या शहाणपणाच्या गोळ्या' अशी या मालिकेची जाहिरात व्हायची आणि त्या गोळ्यांनी त्या विटंबनेला अडवलं नाही. अडवू शकतो तो शेजारी बसलेला मोठा माणूस, चित्रपट थांबवून 'याला असं का काढलं असेल?' असं विचारणारा. बोलण्याची जागा पाटी घेऊ शकत नाही. उलट पाटी वाचली की बोलायचं काम झालं असं मोठ्यांना वाटतं, हा तिचा खरा तोटा.

टेरीला यातलं काही साधायचं नव्हतं हे मला माहीत आहे. तो कामगार वृत्तीचा माणूस, त्याच्या स्टुडिओचा बहुतांश पैसा कीथ-अल्बी या नाट्यगृहांच्या साखळीचा, वितरण पाथे या कंपनीचं. आठवड्याचा चित्रपट आठवड्याला गेला पाहिजे हीच काळजी. वॉल्ट डिस्नीने पुढे सांगितलं आहे की आपली कार्टून या इसाप मालिकेइतकी चांगली व्हावीत ही त्याची सुरुवातीची महत्त्वाकांक्षा होती. १९२८ मध्ये मालिकेत आवाज आला आणि पुढच्या वर्षी टेरी तिथून बाहेर पडला. त्याने इसाप निवडला तो हॉवर्ड एस्टाब्रुक या नटाने सुचवलं म्हणून. हेतू धंद्याचा असला तरी निरीक्षण खरं असू शकतं, आणि आठ वर्षं दर आठवड्याला प्रेक्षकांसमोर तपासलेलं निरीक्षण मला एखाद्या समितीच्या अहवालाहून अधिक विश्वासाचं वाटतं.

करायचं काय, तर दोन गोष्टी, आणि दोन्हींना पैसा लागत नाही. भाषेच्या पेपरातले तात्पर्याचे गुण काढून ते गोष्टीच्या मांडणीला द्यावेत, किंवा तिथे मुलांना खरोखर विचार करावा लागेल असा प्रश्न घालावा: मुंगीच्या जागी तुम्ही असता तर दार उघडलं असतं का, आणि का? यातलं कुठलंही उत्तर बरोबर मानावं, 'का' मात्र नीट तपासावं. आणि परिपाठातल्या बोधकथेऐवजी अधूनमधून भाषेच्या तासाला पडदा लावावा. आपल्या कायद्याप्रमाणे चित्रपटावरचा स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षांनी संपतो, तेव्हा मूकपटांच्या काळातली ही कार्टून दाखवायला कुणाच्या परवानगीसाठी अडून राहावं लागत नाही. भाषेचा अडसर नाही, कारण बोलणंच नाही. पाट्या शिक्षकांनी मराठीत वाचून दाखवल्या की झालं. आधी स्तारेविचची मुंगी दाखवावी, मग टेरीची १९२१ ची. दोन्ही मिळून पंधरा मिनिटांच्या आत होतात, म्हणजे तासाचा अर्ध्याहून जास्त वेळ मुलांच्या बोलण्याला उरतो.